बाप झालता तो

काकाजींच्या तेरवीला शेवटची पंगत उठली, पत्रावळी गोळा झाल्या आणि सपरीत आठ-दहा माणसं एका मोबाइलवर वाकली. मोठ्या मुलानं कुठल्याशा मालिकेचा जुना भाग शोधून काढला होता. पडद्यावर एक मुलगी कचेरीच्या पायऱ्यांवर उभी राहून रडत होती आणि तिच्या मागं, कॅमेऱ्यानं मुद्दाम धूसर ठेवलेल्या पट्ट्यात, धोतर-बंडीतला एक माणूस उभा होता. "थोच होय," एक जण म्हणाला. "नाई गा, बाबाचे खांदे असे पडेल नव्हते," धाकटा म्हणाला. भाग मागं नेला, थांबवला, दोन बोटांनी चित्र ताणलं. जितकं ताणावं तितका माणूस विरत गेला, शेवटी नुसते करडे-पांढरे चौकोन उरले. डोक्यावर टोपी आहे की मागच्या भिंतीचा पोपडा, यावरून दोन गट पडले. तेवढ्यात काकी आतून आली. हात खरकटे होते म्हणून तिनं मोबाइल घेतला नाही, लांबूनच म्हणाली, "तोंड कायले पाहून रायले? डावा हात पाहा. धोतराचा सोगा मुठीत हाय का? मंग थेच होत."

सोगा मुठीत होता.

वाद मिटला, चहा आला, लोक आपापल्या गावच्या गाड्यांच्या वेळा बोलू लागले. मला मात्र ते पुढं कितीतरी दिवस टोचत राहिलं. ज्या माणसानं उभी हयात हिवाळ्याच्या रात्री रंगमंचावर काढल्या, त्याचं हलतं-चालतं रूप एवढंच मागं राहावं, तेही दुसऱ्याच्या रडण्यामागं, ही एक गोष्ट. त्याहून जास्त टोचलं ते हे, की घरचे सगळे त्याला तिथंच शोधत होते. अंगणापासून हाकेच्या अंतरावर ती बांधी, धानाचं ते शेत होतं, जिथं दर वर्षी नाटक लागायचं. तिकडं कोणी बोटसुद्धा दाखवलं नाही.

काकाजी म्हणजे माझ्या वडिलांचे चुलतभाऊ. ब्रह्मपुरीच्या पुढं, वैनगंगेच्या अंगाला आमचं गाव. तीन एकर धान, तेही बोडीच्या पाण्यावर. आषाढात चिखलात रोवणी, कार्तिकात कापणी, आणि एकदा पुंजणं रचून झालं की हा माणूस घरचा नाही. वडशाच्या नाटक कंपनीची गाडी यायची, काकाजी एक ट्रंक आणि एक वळकटी घेऊन बसायचे, आणि भाऊबीज झाल्यावर गेलेले होळीच्या सुमारास उगवायचे. मधे कधी आसपासच्या गावात प्रयोग असला तर पहाटे घरी येऊन, अर्ध्या पुसलेल्या रंगानिशी, दुपारपर्यंत झोपून जायचे. "माहा नवरा दिवाळीले जाते आन शिमग्याले भेटते," हे काकीचं ठरलेलं वाक्य होतं. त्यात तक्रार किती आणि तोरा किती, ते मला कधी नेमकं कळलं नाही.

झाडीपट्टी, म्हणजे पूर्व विदर्भातल्या धानाच्या मुलखातली ही नाटकांची दुनिया, काय असते हे मी सविस्तर सांगत बसत नाही. २०२३ साली तिथले नट परशुराम खुणे यांना पद्मश्री मिळाली तेव्हा पुण्या-मुंबईच्या पेपरांनी ते सविस्तर सांगून झालंय. मला इथं फक्त एवढंच नोंदवायचं आहे की काकाजी त्या रंगभूमीवर कधी हिरो नव्हते. व्हिलनही नव्हते. कॉमेडी तर अंगातच नव्हती. ते कॅरेक्टर करायचे. नायकाचा बाप, नायिकेचा बाप, सावकाराचा दिवाणजी, पोरीच्या लग्नासाठी शेत विकणारा भाऊ, शेवटच्या अंकात खरं बोलून टाकणारा म्हातारा नोकर. आमच्याकडं नटाला कोणी "कोणती भूमिका केली?" असं विचारत नाही. "कोण झालता?" असं विचारतात. काकाजी बाप झालते. एकदा झाले की त्या गावासाठी ते कायमचे तेच. सिंदेवाहीच्या बाजारात एका म्हातारीनं त्यांना अडवून विचारलं होतं, पोरगी नांदायले गेली का मंग? नाटक होऊन दोन वर्षं झाली होती. काकाजींनी सांगितलं, गेली मावशी, आता सुखात हाय. मग वांगी घेतली आणि पुढं निघाले.

लहानपणी मी ती नाटकं काकीच्या मांडीवर पाहिली, म्हणजे अर्धी झोपेत पाहिली. धान कापून मोकळ्या झालेल्या बांधीत तणस पसरलेली, त्यावर बोरे, बोऱ्यांवर सतरंजी, त्यावर आम्ही, आणि आमच्यावर घरातली सगळ्यात जड वाकळ. टिनाच्या भिंतींच्या आत माणसांचा आणि बिडीचा उबारा, बाहेर हाडं गोठवणारी थंडी. आलूबोंड्याच्या तेलाचा वास, जनरेटरचा वास, आणि कोणाच्या तरी शालीतून येणारा डांबरगोळ्यांचा वास. नाटक दहाला लागायचं ते कोंबडा आरवेपर्यंत. दोन प्रवेशांच्या मधे पडदा पडला की माइकवर बक्षिसांची यादी सुरू व्हायची, अमक्याकडून तमकीच्या गाण्याला एक्कावन रुपये, आणि ज्याचं नाव घेतलं तो उगाच उठून उभा राहायचा. लावणी मला आठवते, तलवारी आठवतात, ऑक्टोपॅडचा तो पोटात घुसणारा ठोका आठवतो. तिसऱ्या अंकाला काकीचं कोपर बरगडीत बसायचं. "उठ वं बाई, काकाजी आले."

आणि काकाजी यायचे. वरून लोंबणाऱ्या माइकखाली येऊन बोलायची तिथली रीत. नायक येतो तो थेट माइकखाली, छाती काढून. काकाजी विंगेतून निघून मधेच कुठंतरी थांबायचे आणि माइक नायकाला मोकळा सोडायचे. एका नाटकात पोरगा बापाला घराबाहेर काढतो असा प्रवेश होता. नायकाचं भाषण लांबलचक, टाळ्यांसाठीच लिहिलेलं. त्या सगळ्या वेळात काकाजी काय करायचे, तर खांद्यावरचा दुपट्टा काढून त्याची घडी घालायचे. एक घडी, दुसरी, मग पुन्हा उलगडून नीट. नजर मात्र पोराच्या तोंडावरून हलायची नाही. भाषण संपेपर्यंत दुपट्टा मुठीएवढा झालेला असायचा. माझ्या शेजारची एक बाई उभी राहून नायकाला ओरडली होती, "अरे मुडद्या, बाप होय थो तुहा!" नायकाला त्या रात्री बक्षिसं खंडीभर मिळाली. काकाजींना एक अकरा रुपयांचं मिळालं, तेही मला वाटतं त्यांच्या साडभावाचं होतं.

बऱ्याच वर्षांनी, मी नागपुरात नोकरीला लागल्यावर, त्यांना त्या दुपट्ट्याबद्दल विचारलं होतं. दिग्दर्शकानं सांगितलं होतं का? त्यांनी तंबाखू मळता मळता माझ्याकडं असं पाहिलं की मी काहीतरी बालिश विचारलं असावं. "त्याचं भाषन भलतंच लंबं होतं ना बाई. मी जर इकडंतिकडं पायलं असतं तं पब्लिकनं बी इकडंतिकडं पायलं असतं. मंग हिरो मेला. मी त्याच्याकडं पाहून रायलो म्हनून लोक त्याच्याकडं पाहून रायले." आणि दुपट्टा? "हाताले काई काम पायजे. नाई तं हात बोलते." म्हणून सोगा मुठीत. बिनकामाचा डावा हात आपण होऊन काही बोलू नये, म्हणून त्याला कायम बांधून ठेवलेला.

ऐकणं हे काम आहे, आणि बोलण्यापेक्षा अवघड काम आहे, हे मला नाट्यशिबिरांतल्या व्याख्यानांतून नाही कळलं, त्या घडीवरून कळलं.

मुंबईला ते गेले त्याचं कारणही असलंच एक रात्रीचं काम. झाडीपट्टीत हंगामाला मुंबईहून टीव्हीवरचे चेहरे आणतात. पोस्टरवर त्यांचं डोकं बैलगाडीच्या चाकाएवढं असतं आणि बाकीच्यांची तिकिटाएवढी. असाच एक तरुण नायक आला होता. दिसायला राजबिंडा, पण त्याला आमच्या प्रॉम्प्टिंगची सवय नव्हती. इथं तालीम नावापुरतीच असते. प्रॉम्प्टर विंगेतून वाक्य टाकतो, नटानं ते कानानं झेलून तोंडानं सोडायचं. पहिल्याच रात्री हा पोरगा ऐन रंगात आलेल्या प्रवेशात कोरा पडला. प्रॉम्प्टर ओरडतोय, पण याला ते कळेना. चार हजार डोळे त्याच्यावर. काकाजी बापाच्या भूमिकेत समोर होते. ते दोन पावलं पुढं झाले, त्याच्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाले, "तू हेच म्हननार ना का बाबा तुमी मले शिकवलंच नाई, माय मेली तवा तुमी फडात बसले होते?" असं करत पोराची पाच वाक्यं त्यांनी बापाच्या तोंडून काढली आणि शेवटी, "आता बोल, नाई म्हन!" पोरगा "नाही!" म्हणाला आणि रडायलाच लागला. ते खरं रडणं होतं, भीतीचं. टिनाचा मांडव दणाणला. प्रयोग संपल्यावर त्यानं काकाजींचे पाय धरले, नंबर दिला, म्हणाला मुंबईला या, मी ओळख करून देतो. असली आश्वासनं झाडीत दर हंगामात पिकतात. पण २०१४ साली बैलांच्या शर्यतींवर कोर्टाची बंदी आली, शंकरपट थांबले, आणि पट नाही तर पाहुणे नाहीत, पाहुणे नाहीत तर नाटक कोणासाठी, अशी आमच्याकडच्या बऱ्याच गावांची गत झाली. नाइटी, म्हणजे रात्रीचे प्रयोग, घटल्या. पुढच्या उन्हाळ्यात काकाजी खरंच वडशाच्या स्टेशनवरून गाडीत बसले.

गोरेगाव-अंधेरीच्या त्या दुनियेबद्दल ते फार कमी बोलत, जे बोलत त्यात स्वतःची कीव नसे. कल्याणच्या पलीकडं आमच्याच गावच्या, सिक्युरिटीची नोकरी करणाऱ्या पोराच्या खोलीत पथारी. सकाळी लोकल, मग वर्सोव्याच्या आरामनगरात बंगलीबंगलीतून ऑडिशन. नाव सांगा, वय सांगा, डावीकडं वळा, उजवीकडं वळा, हात दाखवा. "हात कायले पाहते गा थे?" त्यांनी मला विचारलं होतं. मी सांगितलं, कंटिन्यूइटी, अंगठ्या, जखमा, गोंदण असं काही असेल म्हणून. त्यांना ते पटलं नाही. "नाई, थे पाहते का हा मानूस खरंच राबते का." अनेक महिने काही नाही. मग एक वाक्य, एक दिवस. मग एका मालिकेत वकिलाच्या दारातला अशील, दुसरीत देवळातला म्हातारा. पैसे ९० दिवसांनी, हा त्या धंद्याचा रिवाज. काकाजींना त्यात विशेष काही वाटलं नाही, धानाचे चुकारेही आमच्याकडं असेच येतात.

मग विदर्भाचा माणूस म्हणून त्यांना काम मिळू लागलं, आणि विदर्भाचा माणूस म्हणजे मुंबईच्या कागदावर दोनच प्रकारचा. एक, हसवणारा. अमरावतीकडच्या भारत गणेशपुरेंनी वऱ्हाडी बोलीला टीव्हीवर जागा करून दिली, ती त्यांच्या टायमिंगच्या बळावर. पण नंतर येणाऱ्या प्रत्येक वैदर्भीय नटाला "तसंच बोला" म्हणून सांगायची सोय झाली. काकाजी झाडीचे. आमचं बोलणं वेगळं, हेल वेगळा, आणि मुख्य म्हणजे त्यांना हसवता येत नव्हतं. दुसरा प्रकार म्हणजे गळफास घेणारा. हे काम त्यांना मिळालं, पुन्हा पुन्हा मिळालं. कापसाचा शेतकरी, कर्ज, सावकार, झाड. जन्मभर धानात उभ्या राहिलेल्या माणसाला एका सेटवर प्लास्टिकच्या पिशवीतून आणलेला कापूस दिला आणि सांगितलं, काका, बोंडातून वेचताय असं करा. त्यांनी प्रामाणिकपणे सांगून पाहिलं की बापू, आमच्या भागात पऱ्हाटी नाई, थे यवतमाळकडं, मी कधी वेचली नाई. असिस्टंट म्हणाला, काका, विदर्भच ना? शिवाय डोक्याला फेटा बांधला. गुलाबी! कोल्हापूरच्या पैलवानाला शोभेल असा. आमच्या गावात नवरदेव सोडून फेटा बांधलेला माणूस मी पाहिलेला नाही. काकाजींनी तो बांधून घेतला, कापूस हातात घेतला, आणि मग बाजूला उभ्या असलेल्या स्पॉटबॉयला, जो निघाला वणीचा, विचारून विचारून वेचायचं कसं ते शिकले. बोंडाच्या वाळक्या पाकळ्या बोटाला टोचतात, म्हणून चिमूट आतून घालायची. दृश्यात त्यांचे हात दिसलेच नाहीत. कॅमेरा कलेक्टरीणबाईंवर होता.

मला राग यायचा. त्यांना यायचा नाही, किंवा आला तरी तो तंबाखूत मळून जायचा.

एका गोष्टीवर मात्र ते स्वतःच पोट धरून हसत. टीव्हीच्या सेटवर त्यांच्या पॉजची तारीफ व्हायची. समोरचा बोलून थांबला की काकाजी लगेच बोलत नसत, क्षणभर थांबत, मान किंचित विंगेकडं कलती होई, डोळे बारीक, आणि मग वाक्य. दिग्दर्शक म्हणे, व्वा काका, काय विचार करून बोलता. "बाई, मी विचार नाई करून रायलो होतो. मी प्रॉम्प्टरची वाट पाहून रायलो होतो." तीस वर्षांची सवय, कान आपोआप विंगेकडं. तिथं विंगही नव्हती आणि प्रॉम्प्टरही नव्हता, मग स्वतःच स्वतःला वाक्य आठवून द्यायचं. आवाजाचंही तेच. पहिल्या दिवशी त्यांनी बांधीच्या शेवटच्या बोऱ्यापर्यंत पोचेल असा आवाज काढला, तर साउंडवाल्यानं हेडफोन काढून टाकला आणि म्हणाला, काका, मी इथंच आहे. नायिकेचं क्लोजअप झालं की ती व्हॅनमध्ये निघून जाते आणि आपल्या क्लोजअपला समोर एक असिस्टंट पोरगं हातात कागद धरून सपाट आवाजात तिची वाक्यं वाचतं, याचं त्यांना फार नवल. "पोरगी मेली म्हनून मी रडून रायलो, आन समोर दाढीवाला पोट्टा 'बाबा मला वाचवा' वाचून रायला. त्याच्याकडंच पायलं मंग. पोरगीच होय म्हटलं." त्या पोट्ट्याकडं त्यांनी कसं पाहिलं असेल ते मी डोळ्यांपुढं आणू शकते. दुपट्ट्याची घडी घालताना पाहायचे तसंच.

त्यांचा सगळ्यात मोठा रोल म्हणजे एका मालिकेतला नायिकेचा बाप, काही महिने चाललेला. तहसीलच्या पायऱ्यांचा तो भाग त्यातलाच. दिवाळी जवळ आली तेव्हा काकाजींनी कोऑर्डिनेटरला सांगितलं की मी आता जातो, माझा हंगाम सुरू होतो, वडशाला शब्द दिला आहे. लोकांनी वेड्यात काढलं. टीव्हीचा चालता ट्रॅक सोडून कोणी बांधीतल्या नाटकाला जातं का? त्यांच्या हिशेबात दिलेला शब्द जुना होता एवढंच. मग मालिकेतला बाप वारला. त्याचा फोटो घरात लावायचा म्हणून प्रॉडक्शननं फोटो मागवला, तो काकाजींनी ब्रह्मपुरीच्या स्टुडिओत नवीन काढून पाठवला, निळ्या पडद्यापुढं, कोट घालून. त्या फोटोला हार घालून तो मालिकेतल्या बैठकीत टांगला, आणि पुढं बराच काळ नायिका त्याच्यापुढं उभी राहून बोलत राहिली. काकी रोज संध्याकाळी जिवंत नवऱ्याचा हार घातलेला फोटो बघायची आणि शेजारणी तिला चिडवायच्या. काकाजींनी फोनवर एकदा कोऑर्डिनेटरला विचारलं म्हणे, फोटोचे काई भेटते का? फोटोचे काही मिळत नाही. घरात त्यांचा त्याहून बरा फोटो दुसरा नव्हता, त्यामुळं तेरवीला भिंतीवर लागला तोही तोच. शेजारच्या बाया त्यापुढं थबकत होत्या, कारण त्यांनी त्याला हार घातलेला आधी पाहिलेला होता.

हिंदीत जगदीश राज नावाचे नट होते. १४४ सिनेमांत पोलीस इन्स्पेक्टर झाले आणि त्याची गिनीज बुकात नोंद झाली. लहानपणी मला तो विनोद वाटायचा. आता वाटतं, १४४ वेळा उशिरा पोचायचं, तीच वर्दी, तेच वाक्य, आणि तरी दर वेळी दारातून खरोखर पोलीस आल्यासारखं यायचं, म्हणजे केवढा कंटाळा गिळला असेल त्या माणसानं. अच्युत पोतदार लष्करातून इंडियन ऑइलमध्ये, आणि चाळिशी उलटल्यावर सिनेमात. त्यांचं एकच वाक्य आजची पोरं मोबाइलवर एकमेकांना पाठवतात, नाव मात्र दहातल्या एखाद्यालाच माहीत. नागपूरच्या किशोर प्रधानांनी ‘जब वी मेट’मध्ये स्टेशनमास्तर म्हणून जेमतेम काही मिनिटं काढली, आणि वडशाच्या फलाटावर गोंदिया-बल्लारशाची गाडी लेट झाली की माझ्या डोळ्यांपुढं हटकून तेच येतात, मूळ नायक-नायिका नाही. निळू फुल्यांचं काय सांगावं, सेवा दलात घडलेला माणूस, पडद्यावर नुसता वाड्याच्या दारात उभा राहिला की बायाबापड्या पदर सावरायच्या. यांतले काही फार मोठे झाले, काही चेहऱ्यापुरते राहिले. काकाजी या रांगेच्या शेवटीही बसणारे नाहीत हे मला ठाऊक आहे. पण काम एकच होतं. दुसऱ्याचं खरं वाटावं म्हणून आपण खरं असणं.

आणि तरीही, खरं सांगायचं तर, काकाजींना स्वतःला टीव्हीचंच अप्रूप होतं. हे मला पचवायला वेळ लागला. त्यांच्या पाकिटात नाटकाचं एकही पत्रक नसायचं, पण एका मालिकेच्या सेटवरचं ओळखपत्र, फीत लावलेलं, कायम. मुंबईहून परतल्यावर वडशाच्या पोस्टरवर त्यांच्या नावापुढं "टीव्ही फेम" लागलं आणि नाइट, म्हणजे एका रात्रीचे पैसे, वाढली. धूसर पट्ट्यातले काही क्षण वडशात येऊन बाजारभावानं वटले. मला वाटायचं, मुंबईनं त्यांचा अपमान केला. त्यांच्या वहीत तसं काही लिहिलेलं नव्हतं. त्यांच्या वहीत मुंबई हा मधला एक खर्च होता, जो झाडीत वसूल झाला. करोनात तो हंगाम बुडाला, मग २०२१ च्या डिसेंबरात शर्यतींना परवानगी मिळाली, पट परत भरू लागले, आणि काकाजी पुन्हा ट्रंक घेऊन गाडीत बसू लागले. मुंबईचे फोन येत राहिले. शेतकऱ्याचंच काम असायचं. ते म्हणत, धान कापून होऊ द्या.

तेरवीनंतर त्यांच्या मुलाला मी फोन करून विचारलं, नाटकांतलं काहीच नाही का कुणाकडं? आता तर प्रत्येकाच्या हातात कॅमेरा आहे. त्यानं आठ दिवस गावोगावच्या पोरांकडून व्हिडिओ मागवले. पुष्कळ आले. लावण्या आल्या, कॉमेडी आली, मुंबईच्या हिरोची एन्ट्री तर सहा बाजूंनी आली. एका व्हिडिओत तिसरा अंक सुरू होतो, विंगेत धोतराची कड दिसते, मागून एक बाई "आला, आला" म्हणते, आणि तिथंच चित्र हलतं, आकाश दिसतं, अंधार. दुसऱ्यातही तसंच. त्यानं शूटिंग करणाऱ्या एका पोराला झापलं, की बाबा आले का तूच बंद कायले केला बे? त्या पोरानं दिलेलं उत्तर त्यानं मला जसंच्या तसं सांगितलं. "मोबाइल धरून रडता येते का दादा?"

मला ते ऐकून बरं वाटलं, आणि बरं वाटल्याचा थोडा रागही आला. एका पोराच्या वाक्यानं एवढं समाधान होत असेल तर हिशेब फारच स्वस्तात मिटला. पोरगा आज आहे, उद्या पुण्याला कंपनीत जाईल. टीव्हीवरच्या श्रेयनामावलीत तरी नाव असतं म्हणावं, तर ती आता पडद्याच्या एका कोपऱ्यात चेपून, पुढच्या कार्यक्रमाच्या जाहिरातीखाली पळवतात. नाटकाच्या सुरुवातीला माइकवर प्रत्येकाचं नाव, गावासकट, सावकाश घेतात. ते वाऱ्यावर जातं हे खरं. पण तेवढा वेळ सगळी बांधी ऐकत असते.

मागच्या महिन्यात कंपनीचे मालक घरी आले होते. मी तिथंच होते. बसले, पाणी प्यायले, चांगला माणूस गेला म्हणाले, आणि मग चुळबुळ करू लागले. शेवटी निघालं ते असं की बुकिंग सुरू झालंय, तीन नाटकांत बापाचं काम आहे, नवीन माणूस लाखांदूरकडचा घेतलाय, बरा आहे, पण काकाजींचा तो काळा कोट, पाटलाचा, तो कंपनीचा नव्हता, त्यांचा स्वतःचा होता. तसा कोट आता शिवून मिळत नाही. काकीनं ट्रंक ओढली, कोट काढला, झटकला. कॉलरला आतून रंगाचा पिवळट थर होता. तिनं तो मालकांच्या हातात दिला नाही, मांडीवर ठेवला.

"नाइटीचे पन्नास घेईन," ती म्हणाली.

मालक म्हणाले, वहिनी, चाळीस करा, हंगाम कसा जाते कोनाले मालूम.

"पन्नास. आन होळीले धुऊन आनून द्यायचा. आन त्या नव्या मानसाले सांगजा, उजव्या खिशात हात घालू नोको म्हना, फाटेल हाय."